रात्रशाळेतली दहावीची मुलं दिवाळीनंतर गळतात. वर्गात आणि कामाच्या जागी नेमकं काय करावं?

खडूचा_डबा (धागाकर्ती)

परळ-लालबाग पट्ट्यातली मराठी माध्यमाची रात्रशाळा, दहावीचा वर्ग. वेळ साडेसहा ते साडेनऊ, ३५ मिनिटांच्या पाच तासिका. पटावर ३१. जुलैत रोज २५-२६ बसतात, दिवाळीची सुट्टी संपली की १२-१४. वयं १६ ते २४. कामं म्हणाल तर केटररकडे, कुरिअरमध्ये, शिलाईच्या कारखान्यात, दुकानात काउंटरवर, मॉलमध्ये हाउसकीपिंगला. तीन मुली घरकामाला जातात.

आतापर्यंतचे उपाय: वर्षभर शंभर टक्के हजेरी असेल त्याला मनगटी घड्याळ, चाचणीतल्या पहिल्या तिघांची नावं फळ्यावर, उशिरा येणाऱ्याला ५ रुपये दंड (सहलीच्या डब्यात जातो), महिन्यातून एकदा बाहेरचा वक्ता. वक्ता आला की टाळ्या जोरात पडतात, दुसऱ्या दिवशी बाक तितकेच रिकामे.

विचारायचं ते असं. १) ही गळती कुठून धरायची? २) सहामाहीत ४० पैकी ९ पडले की ते पोरगं हमखास गायब होतं, पेपर परत देताना काय करावं? ३) मालकाशी किंवा सुपरवायझरशी बोलायचं तर काय बोलायचं? 'सहकार्य करा' म्हटलं की सगळे हो म्हणतात आणि सहा वाजता पोराला नवीन काम देतात.

'मुलांमध्ये जिद्द निर्माण करा' छापाचे प्रतिसाद नकोत, कृपया.

---

हजेरीपट

'मुलं गळतात' असं एकगठ्ठा म्हटलं की उपायही एकगठ्ठा सुचतात, आणि त्यातला सगळ्यात स्वस्त म्हणजे वक्ता. आधी कोण कसं गळतंय ते बघा.

गेल्या सहा आठवड्यांची हजेरी पुढ्यात घ्या. प्रत्येक नावापुढे फक्त गैरहजर दिवसांचे वार लिहा. शिवाय पुढचे दोन आठवडे मूल कितव्या तासिकेला आत आलं ते टिपा: १, २ किंवा ३. एवढ्यावर वर्गाचे चार गट पडतात.

ठरावीक वारी न येणारे: हा ड्युटीचा प्रश्न. केटररकडची पोरं शनिवारी, कुरिअरवाली सोमवारी. रोज येणारे पण दुसऱ्या तासिकेला: हा सुटण्याच्या वेळेचा आणि गाडीचा प्रश्न. चाचणीनंतरच्या आठवड्यात नाहीसे झालेले: लाज. सलग दोन आठवडे पत्ता नाही असे: नोकरी बदलली, गावी गेलं, किंवा घरात आजारपण. या चौथ्या गटाला वर्गात कितीही छान शिकवलंत तरी उपयोग नाही, तिथे फोनच करावा लागतो.

पहिल्या दोन गटांसाठी वेळापत्रक हलवा. गणित पहिल्या तासिकेला असेल तर उशिरा येणाऱ्याचा रोज तोच विषय बुडतो आणि तीन आठवड्यांत तो गणितातून बाद होतो. शेवटच्या तासिकेलाही नको, कारण तेव्हा डोळे मिटतात आणि लांब राहणारी पोरं घड्याळ बघत असतात. गणित आणि इंग्रजी दुसऱ्या-तिसऱ्या तासिकेला घ्या. पहिली पाळीपाळीने इतिहास, भूगोल, हिंदी यांना द्या. तिथला एखादा धडा चुकला तर वाचून भरून काढता येतो, श्रेढीचं सूत्र चुकलं तर येत नाही.

वर्गात शिरताना अर्ध्या पानाचा कागद हातात ठेवा. तीन प्रश्न: एक कालचा, एक मागच्या आठवड्याचा, एक असा की वर्गातल्या कुणालाही येईलच. दहा मिनिटं. याचा खरा फायदा उशिरा येणाऱ्याला होतो. त्याला कुणाला काही विचारावं लागत नाही, बसतो आणि लिहायला लागतो. दाराजवळचा एक बाक त्याच्यासाठी मोकळा ठेवा. सगळ्यांच्या नजरा झेलत शेवटच्या रांगेपर्यंत जायचं या एका कारणाने पोरं जिन्यावरून परत फिरतात.

आता चुकलेले दिवस. खिळ्याला एक फाइल अडकवा, रोजचा एक कागद: पाठ्यपुस्तकाची पानं, एक सोडवलेलं उदाहरण, दोन सोडवायची. 'मित्राची वही घे' हा उपाय नव्हे. मित्राची वही अर्धी असते आणि मित्रालाही ती लागते.

फोन दुसऱ्या गैरहजर दिवशी करा, आठव्या दिवशी नव्हे. वर्गशिक्षिकेने स्वतः, दुपारी जेवणाच्या सुट्टीत, मुलाच्याच मोबाइलवर. मालकाच्या नंबरवर कधीही नाही. 'का आला नाहीस?' विचारलंत की पहिलं उत्तर खोटं मिळतं. त्यापेक्षा 'वर्गसमीकरणाचा कागद तुझ्या नावाने ठेवलाय. उद्या येतोस की परवा?' एवढंच, अर्धा मिनिट. आणि गैरहजरांची यादी व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकत असाल तर आजच थांबवा.

दंडाबद्दल. इस्रायलमधल्या हैफा शहरात दहा पाळणाघरांवर झालेला एक अभ्यास २००० साली प्रसिद्ध झाला. मुलाला न्यायला उशिरा येणाऱ्या पालकांना त्यातल्या सहा पाळणाघरांनी दंड लावला, तर उशीर जवळपास दुप्पट झाला. आधी संकोच वाटत होता, आता पैसे भरून उशीर विकत मिळायला लागला. पुढे दंड बंद केला तरी उशीर खाली आला नाही. तुमचे ५ रुपये हेच करतायत: ज्याला परवडतं तो निवांत येतो, ज्याला परवडत नाही तो येतच नाही. पण नुसता दंड काढूनही भागणार नाही, त्याच दिवशी वरचा अर्ध्या पानाचा कागद सुरू करा.

---

विवेचक

प्रश्न २ वर लिहितो, आणि थोडं घड्याळावर.

शंभर टक्के हजेरीचं बक्षीस म्हणजे पहिल्या खाड्यालाच संपलेली स्पर्धा. जुलैच्या एका पावसात गाड्या बंद पडल्या की निम्मा वर्ग बाद, आणि पुढचे आठ महिने त्या घड्याळाचा त्यांच्याशी संबंध नाही. ज्या दोघा-तिघांना ते मिळणार, ते घड्याळाशिवायही आले असते. हिशेब आठवड्याचा ठेवा: सहापैकी पाच दिवस. सोमवारी पाटी कोरी. मागच्या आठवड्यात दोनच दिवस आलेल्यालाही या आठवड्यात संधी असली पाहिजे.

बक्षिसाने आवड मरते, हे बरेचदा अर्धवट सांगितलं जातं. १९७३ चा अमेरिकेतला प्रसिद्ध प्रयोग बालवाडीतल्या मुलांवर होता. चित्रं काढायला मुळातच आवडणाऱ्या मुलांपैकी काहींना 'चित्र काढलंस तर बक्षीस' असं आधी सांगितलं. एक-दोन आठवड्यांनी मोकळ्या वेळेत ती मुलं इतरांच्या जवळपास निम्माच वेळ चित्रांपाशी रमली. ज्यांना बक्षीस अचानक मिळालं त्यांच्यात ही घट नव्हती. पण 'मुळातच आवडणाऱ्या' हे शब्द गाळू नका. नऊ तास उभं राहून आलेल्या पोराला भूमितीची प्रमेयं मुळातच आवडतात असं कुणी म्हणणार नाही. पाढे, व्याख्या, सनावळ्या असल्या कंटाळवाण्या पाठांतरासाठी पेन-पट्टीसारखं छोटं बक्षीस चालतं. निबंध, चर्चा, प्रयोग यांच्यावर मात्र किंमत लावू नका.

आता ४० पैकी ९.

संशोधक रूथ बटलर यांचा १९८८ चा प्रयोग आहे. काही मुलांना फक्त शेरा, काहींना फक्त गुण, काहींना गुण आणि शेरा दोन्ही. सुधारणा झाली ती फक्त शेरा मिळालेल्यांत. दोन्ही मिळालेली मुलं गुण बघतात आणि शेरा वाचतच नाहीत. म्हणून पेपर दोन दिवसांत परत द्या. पहिल्या दिवशी गुण न लिहिलेला पेपर, त्यावर जास्तीत जास्त दोन शेरे आणि परत सोडवायला एक प्रश्न. वर्गातच पंधरा मिनिटं द्या, घरी नको. घरी जागा आणि वेळ दोन्ही नसतात. गुण दुसऱ्या दिवशी, उलटा ठेवलेला कागद हातात देऊन. मोठ्याने वाचायचे नाहीत. फळ्यावरची पहिली तीन नावंही पुसा. उरलेल्या अठ्ठावीस जणांना त्यातून एवढंच कळतं की आपलं नाव तिथे नाही.

शेरा कसा? 'अभ्यास कर', 'लक्ष दे', 'छान' हे शेरे नव्हेत, ते मास्तरांचे उसासे आहेत. समजा वर्गसमीकरणात मधला सहगुणक वजा ७ आहे, पहिला १ आणि शेवटचं पद १०. पोराने विवेचक (मधल्या सहगुणकाचा वर्ग वजा चार गुणिले पहिला गुणिले शेवटचं पद) काढताना वजा ७ चा वर्ग वजा ४९ लिहिला, त्यातून ४० वजा केले, वजा ८९ आले, आणि 'मुळे वास्तव नाहीत' लिहून मोकळा झाला. शून्य गुण. शेरा असा लिहा: 'सूत्र बरोबर, किमती बरोबर. वजा ७ गुणिले वजा ७ किती? तेवढंच बदलून पुढे ये.' पोरगं ४९ वजा ४० म्हणजे ९, वर्गमूळ ३, मुळे ५ आणि २ इथपर्यंत स्वतःच येतं. आपल्याला गणित 'येत नाही' असं नाही, एक चिन्ह चुकलं, हे त्याला स्वतःच्या हाताने दिसतं.

वेळेचं म्हणाल तर पेपरामागे तीन मिनिटं, ३० पेपरांना दीड तास. पूर्ण पेपर लालेलाल करण्यापेक्षा कमीच.

आणि त्या ९ चा हिशेब मुलाशेजारी बसून मांडा. गणिताला भाग १ (बीजगणित) चे ४०, भाग २ (भूमिती) चे ४०, अंतर्गत २०. शंभरात ३५ हवेत. वह्या आणि चाचण्या नीट केल्या आणि अंतर्गतला १४ पडले, तर दोन्ही लेखी पेपर मिळून २१ लागतात. त्यातले ९ बीजगणितात आत्ताच आहेत. उरले १२, आणि भूमितीचा सगळा पेपर अजून बाकी. पोराच्या डोक्यात आकडा असतो 'पस्तीसला सव्वीस कमी'. तो बारावर आला की चेहरा बदलतो. (अंतर्गत गुण फुकट वाटायचे नाहीत. वाटलेत तर हा हिशेब खोटा पडतो आणि ते मुलांना तुमच्याआधी कळतं.)

---

उपाशीपोटी_कसलं_गणित

वरचं सगळं ठीक. पण मंडळी, ही पोरं दुपारी दीडला जेवलेली असतात आणि घरी जेवायला साडेदहा वाजतात. मधल्या नऊ तासांत एक चहा. आणि आपण विवेचकावर बोलतोय!

३० जणांचा हिशेब: माणशी ३० ग्रॅम कोरडे चणे, म्हणजे ९०० ग्रॅम. सकाळी भिजत घालायचे, संध्याकाळी कुकरला मीठ-हळद घालून पाच-सहा शिट्ट्या, वर कांदा-लिंबू. भिजून-शिजून दुपटीच्या वर होतात, वाटीभर येतात. शिजवायची सोय नसेल तर एक केळं आणि एक चिक्की. वडापाव नको, पोट जड होतं आणि तिसऱ्या तासिकेला माना पडतात.

वाटायचं ६:२० ते ६:३५. मधल्या सुट्टीत वाटलंत तर पोरं आठला यायला लागतील. 'गरीब मुलांना खाऊ' असला फोटो काढू देऊ नका, त्या फोटोपायी दोन-चार जण खाणं सोडतील आणि मग शाळाही. पैसे कुठून? तुमच्या आजूबाजूला गणेशोत्सव मंडळं काय कमी आहेत का. बहुतेकांचं वर्षभराचं सामाजिक कामाचं खातं असतं. विसर्जनानंतरच्या पंधरवड्यात, हिशेब चालू असतानाच गाठायचं, आणि रक्कम न मागता 'नोव्हेंबर ते फेब्रुवारी, अमुक किलो चणे' असं मागायचं.

पासचंही बघा. रेल्वेच्या विद्यार्थी सवलतीचा फॉर्म शाळेकडून मिळतो, पण तो घराच्या स्टेशनापासून शाळेच्या स्टेशनापर्यंतचा. पोरगं जातं घर ते काम, काम ते शाळा, शाळा ते घर. काम वाटेवर असेल तर सवलत पुरते, उलट्या दिशेला असेल तर वेगळं तिकीट. जूनमध्येच प्रत्येकाला तीन स्टेशनं विचारून घ्या. कुणाचं तिकिटावरून अडतंय ते कळेल, कारण 'तिकिटाला पैसे नव्हते' हे तुम्हाला तोंडावर कुणी सांगणार नाही.

मुलींसाठी: शेवटची तासिका ९:१० ला सोडता येईल अशी ठेवा आणि एका दिशेला जाणाऱ्या दोघी-तिघींची जोडी लावा. घरून बंदी येते ती परीक्षेमुळे नाही, साडेदहामुळे येते.

पावसात हिंदमाता चौकात पाणी भरलं की काय करायचं, याचाही नियम आधीच ठरवा. तसल्या दिवसाची गैरहजेरी आठवड्याच्या हिशेबात धरायची नाही.

---

शिफ्ट_इनचार्ज

प्रश्न ३. हा भाग शाळावाले फार भाबडेपणाने हाताळतात म्हणून सविस्तर लिहितोय.

सगळ्यात आधी मुलाला विचारा, मालकाशी बोलू का? काहींनी शिकतोय हे कामावर सांगितलेलंच नसतं. तुम्ही थेट पोचलात तर नोकरी जाईल आणि पाठोपाठ शाळाही. तो नको म्हणाला तर विषय संपला. १४ वर्षांखालचं मूल कामावर आढळलं तर मात्र मालकाला पत्र वगैरे काही नाही, सरळ १०९८ या बालकांच्या मदतवाहिनीला फोन.

कधी जायचं: मालाच्या घाईत नाही. शिलाई कारखान्यांना दसरा-दिवाळीच्या आधी श्वास घ्यायला वेळ नसतो. केटररचा हंगाम तुळशीच्या लग्नानंतर सुरू होतो, म्हणजे तुमची गळती आणि त्याची लगीनसराई एकाच वेळी; हा योगायोग नाही. केटररला भाऊबीज आणि तुळशीचं लग्न यांच्या मधल्या दिवसांत गाठा, बाकीच्यांना जूनमध्ये. सकाळी अकराच्या सुमारास, समक्ष, दहा मिनिटं.

काय मागायचं: एक मोजता येईल अशी गोष्ट. 'सोमवार ते शनिवार पावणेसहाला सोडा, सकाळी पाऊण तास लवकर येईल.' पावणेसहा म्हणजे पावणेसहाला हात धुऊन बाहेर, हे दोघांसमोर बोला. पगार कापणार की तास भरून घेणार, तेही तिथेच ठरवा. नाहीतर महिनाअखेरीला पाकीट हलकं निघतं आणि पोरगं तुम्हाला न सांगता शाळा सोडतं. सहाही दिवस जमत नसेल तर तीन पक्के दिवस घ्या. 'बघू, जमेल तसं' यापेक्षा तीन पक्के बरे.

सोबत लेटरहेडवर एक पान द्या: शाळेची वेळ, चाचण्यांचे दिवस, बोर्डाच्या परीक्षेचा महिना. मालकाला भीती असते की परीक्षा म्हणजे माणूस महिनाभर गेला. त्याला आकडे दाखवा. सगळे विषय घेतले तरी लेखी पेपर नऊ दिवसांचे, फेब्रुवारी-मार्चमध्ये विखुरलेले. सकाळचा पेपर ११ ला सुरू होतो, गणित-विज्ञानाचे साधारण दोन तासांचे, म्हणजे १ च्या सुमारास संपतात. त्या दिवशी माणूस ३ ला हजर होऊ शकतो. नऊ दिवसांची रजा पगारी असेल तर उत्तम, बिनपगारी असेल तर तसं आधी लिहून घ्या.

इथपर्यंत मालक. पण पोराला खरं अडवतो तो मालक नव्हे, बाजूच्या टेबलावरचा सहकारी. पावणेसहाला हा उठला की त्याचं उरलेलं काम कुणाच्या तरी गळ्यात पडतं. मग 'निघाले कलेक्टरसाहेब' सुरू होतं. रोज ऐकून कोण जाईल? यावर उपाय म्हणजे निघायच्या आधीची दहा मिनिटं. चिठ्ठीवर तीन ओळी: काय झालं, काय राहिलं, कुठे ठेवलंय. उदाहरणार्थ शिलाईत, '४० नंबरचे १८ शर्ट कॉलर लावून झाले, ६ बाकी, निळ्या क्रेटमध्ये, बटणं वरच्या डब्यात.' पुढच्या माणसाला शोधाशोध नाही. आणि त्याच सहकाऱ्याच्या एखाद्या अडचणीच्या सकाळी हा लवकर येऊन त्याचं काम उचलेल, अशी सरळ अदलाबदल सुपरवायझरने दोघांसमोर लावून द्यावी. टोमणे मारणाऱ्याला तेव्हाच, पण बाजूला घेऊन सांगायचं. चारचौघांत झापलं की तो राग उद्या पोरावर निघतो.

सुपरवायझरसाठी आणखी एक. शाबासकी त्याच दिवशी आणि नेमकी. 'हुशार आहेस रे' यात पुढे करण्यासारखं काही नाही. 'चलनावरचा पिनकोड तू परत तपासलास म्हणून तीन पार्सलं परत यायची वाचली' यात आहे. उद्याही तो पिनकोड तपासेल. चूक दाखवतानाही कामाबद्दल बोला, माणसाबद्दल नाही. अभिप्रायावरच्या बऱ्याच अभ्यासांचा एकत्र आढावा १९९६ मध्ये घेतला गेला, तेव्हा एक तृतीयांशाहून जास्त वेळा अभिप्रायानंतर काम आणखी बिघडल्याचं दिसलं. लक्ष कामावरून उडून 'माझ्याबद्दल काय वाटतं यांना' याच्याकडे गेलं की हे होतं.

---

खडूचा_डबा

सगळ्यांचे आभार, विशेषतः चण्यांच्या हिशेबाबद्दल. दंडाचा डबा बंद करते.

दोन उपप्रश्न. वर्गातल्या सात-आठ जणांना तीन अंकी भागाकारच येत नाही, त्यांना वर्गसमीकरणावर शेरा लिहून काय होणार? आणि दोन मुलं अशी आहेत की येतात, बसतात, पण महिनाभर कशालाच प्रतिसाद नाही. हा कंटाळा म्हणायचा की दुसरं काही?

---

अपूर्णांक

पहिल्या उपप्रश्नाचं उत्तर मुंबईतच सापडलेलं आहे. शिक्षणात काम करणाऱ्या 'प्रथम' संस्थेचा बालसखी कार्यक्रम. मुंबई आणि बडोद्याच्या महापालिका शाळांत तिसरी-चौथीतल्या मागे पडलेल्या १५-२० मुलांना शाळेच्या वेळेतच सुमारे दोन तास वेगळं बसवायचं, आणि वस्तीतलीच, शाळा शिकलेली तरुण मुलगी त्यांना इयत्तेचं नव्हे तर त्यांना जिथपर्यंत येतं तिथून पुढचं शिकवायची. अर्थतज्ज्ञ बॅनर्जी-डुफ्लो आणि सहकाऱ्यांनी याचं मोजमाप केलं, ते २००७ मध्ये प्रसिद्ध झालं: गुण स्पष्ट वाढले, आणि सगळ्यात जास्त तळातल्या मुलांचे.

ती लहान मुलं होती, तुमची मोठी आहेत. म्हणून दोन बदल. वेगळा गट 'ढ' ठरू नये यासाठी आठवड्यातून दोन दिवस एक तासिका संपूर्ण वर्गाचेच तीन गट करा, पुढचा गटही. आणि भागाकार तिसरीच्या पुस्तकातून नको, चोवीस वर्षांच्या माणसाचा तो अपमान आहे. अर्थनियोजन प्रकरण हाताशी आहे. काउंटरवरच्या पोराला त्याच्याच दुकानाचं बिल आणायला सांगा, नाव-नंबर खोडून. उपाहारगृहाचं असेल तर ८४० रुपयांवर केंद्राचा अडीच टक्के जीएसटी २१, राज्याचा २१, एकूण ८८२. मग उलटं: एकूण ८८२ आहे, मूळ किंमत काढ. इथे भागाकार आलाच. हमखास होणारी चूक म्हणजे ८८२ चे ५ टक्के काढून वजा करणं. ४४ रुपये १० पैसे वजा होतात, ८३७ रुपये ९० पैसे येतात आणि बिल जुळत नाही. का जुळत नाही यावर अर्धी तासिका घालवा, १०५ ने भागून १०० ने गुणायचं हे त्यांच्याच तोंडून येऊ द्या. हे त्या पोराने फळ्यावर करायचं. त्या दहा मिनिटांपुरता तो वर्गातला सगळ्यात जाणकार माणूस असतो.

पंचवीस मिनिटं पुरतात. पस्तीसच्या तासिकेत पाच मिनिटं गट बसण्यात जातात, शेवटची पाच वहीत एक उदाहरण उतरवण्यात.

आणि प्रश्न विचारल्यावर थांबा. मनात एक-दोन-तीन मोजा. बहुतेक शिक्षक सेकंदभरात स्वतःच उत्तर देतात किंवा पुढच्याकडे वळतात. दमलेल्या पोराला तीन सेकंद लागतातच.

---

हजेरीपट

त्या दोन मुलांबद्दल. ढोबळ कसोटी अशी: कंटाळलेलं पोरगं मधल्या सुट्टीत हसतं. सुट्टीतही एकटं, खाणं कमी, झोप बिघडलेली, आधी आवडणाऱ्या गोष्टीतही रस नाही, आणि हे दोन आठवड्यांहून जास्त, तर तो उत्साहाचा प्रश्न नाही. जिन्यात, सहज, एकट्याला गाठून विचारा: 'झोप लागते का रात्री?' 'काय झालंय तुला?' नको. टेलिमानस १४४१६ ही मानसिक आरोग्यासाठीची सरकारी फोन-सेवा मोफत आहे, मराठीतही बोलतात. नंबर नुसता देऊ नका, तुमच्यासमोर पहिला फोन लावायला मदत करा. जिवाचं बरंवाईट करण्याची भाषा असेल तर त्याच दिवशी घरच्यांना आणि मुख्याध्यापकांना कळवा, 'कुणाला सांगू नका' असं वचन देऊन बसू नका.

---

विवेचक

अपूर्णांक यांना +१. बिलाचं उदाहरण भागाकार न येणाऱ्या गटापुरतं ठेवू नका, पुढच्या गटातही ८३७ रुपये ९० पैसे म्हणणारे निघतात.

---

खडूचा_डबा

सोमवारपासून अर्ध्या पानाचा कागद आणि दाराजवळचा बाक. चण्यांसाठी मंडळाच्या अध्यक्षांना शनिवारी भेटते. हजेरीचे वार आजच लिहायला घेतलेत, नऊ जण निव्वळ शनिवारवाले निघाले.

---

हजेरीपट

नऊ शनिवारवाले म्हणजे शनिवारी नवीन प्रकरण सुरू करू नका, सराव ठेवा. आणि त्या खुणा मूळ पटावर करू नका बरं, तो तपासणीला जातो. झेरॉक्स काढून घ्या, पेन्सिलने.